चर्चच्या पडवीतली सरगम

१९७७ सालचा 'अमर अकबर अँथनी' पाहिला नाही असा माणूस शोधून सापडायचा नाही. पडद्यावर भलंमोठं अंडं येतं, ते उघडतं आणि सूटबूट, उंच हॅट अशा थाटात अमिताभ बच्चन बाहेर पडतो. कोण हा? तर अँथनी गोन्साल्विस! पिक्चर तुफान चालला आणि हे नाव शेंबड्या पोरापासून म्हाताऱ्यापर्यंत सगळ्यांच्या तोंडी बसलं.

गंमत म्हणजे या नावाचा एक खराखुरा माणूस होता. त्याने कधी गुत्ता चालवला नाही की मारामारी केली नाही. तो व्हायोलिन वाजवायचा, वाद्यवृंदासाठी संगीत लिहायचा आणि होतकरू मुलांना शिकवायचा. त्याच्याकडे व्हायोलिन शिकलेल्या एका मुलाचं नाव प्यारेलाल. पुढे हाच मुलगा लक्ष्मीकांत-प्यारेलाल या जोडीतला अर्धा वाटेकरी झाला आणि 'अमर अकबर अँथनी'च्या निमित्ताने त्याने आपल्या गुरूचं नाव असं घरोघरी पोहोचवलं. गुरुदक्षिणेची ही तऱ्हाही न्यारीच म्हणायची!

खरे अँथनी गोन्साल्विस १९२७ साली दक्षिण गोव्यातल्या माजोर्डा गावी जन्मले. वडील तिथल्या चर्चमध्ये कॉयरमास्टर होते. म्हणजे प्रार्थनेच्या वेळी गाणाऱ्या गायकवृंदाला शिकवायचं, बसवायचं आणि त्याच्याकडून गाऊन घ्यायचं, हे त्यांचं काम. मुलाने लहानपणीच सूर गिरवले आणि वयाच्या सोळाव्या वर्षी तो मुंबईत नौशाद यांच्या वाद्यवृंदात व्हायोलिन वाजवू लागला.

अशी उदाहरणं सांगितली की ऐकणारा हमखास म्हणतो, "गोवेकरांच्या रक्तातच संगीत असतं हो!" ऐकायला छान वाटतं, पण ते अर्धंच खरं आहे. रक्तातून फार तर आवड येत असेल. समोर ठेवलेला नोटेशनचा कागद पहिल्याच नजरेत वाचून वाजवण्याची कला रक्तातून येत नाही. ती कुणीतरी, रोजच्या रोज, छडीचा धाक दाखवून शिकवावी लागते. गोव्यात हे काम चर्चच्या पडवीत भरणाऱ्या एका छोट्याशा शाळेने शेकडो वर्षं केलं. त्या शाळेची ही गोष्ट.

घंटा वाजवत निघालेला पाद्री

गोष्ट सुरू होते सोळाव्या शतकात, आज आपण ज्याला जुने गोवे म्हणतो त्या शहरात. तेव्हा ते पोर्तुगीजांच्या पूर्वेकडच्या साम्राज्याची राजधानी होतं. बंदरात जहाजांची रीघ आणि रस्त्यात चर्चमागून चर्च. 'पूर्वेकडचं रोम' अशी त्याची ख्याती होती. १५४१ साली या शहरात मुलांसाठी एक शाळा निघाली. सुरुवातीला ती 'सांता फे' म्हणजे पवित्र श्रद्धेचं विद्यालय म्हणून ओळखली जाई, पुढे सेंट पॉल कॉलेज हे नाव पडलं. गोव्याची मुलं, मलबारची मुलं, दूरच्या मलाया आणि पेगूकडची मुलं, अगदी हबशी मुलंसुद्धा तिथे एका छपराखाली राहावीत, त्यांना धर्मशिक्षण द्यावं आणि त्यातून पाद्री आणि धर्मशिक्षक तयार करावेत, असा बेत होता.

मे १५४२ मध्ये सेंट फ्रान्सिस झेवियर गोव्याला आले. हातात घंटा घेऊन ते शहराच्या रस्त्यांतून फिरत आणि पोरं गोळा करत. जमलेल्या पोरांना धर्मातली वचनं चालीवर म्हणायला शिकवत. पाठांतर करायचं तर चाल लावलेली बरी, हे आपल्याकडे पाढे म्हणून घेणाऱ्या पंतोजींनाही ठाऊक होतंच. पुढे जेझुइट पंथाच्या पाद्र्यांनी सेंट पॉल कॉलेजचा कारभार हाती घेतला. १५५६ साली भारतातला पहिला छापखाना आला तोही इथेच. अक्षरं आणि सूर असे एकाच वास्तूत नांदू लागले. कॉलेजची मुलं प्रार्थनेच्या वेळी एकत्र गात. शहरातला मुलग्यांचा गायकवृंद आणि त्याची शाळा अशी ही जोडी होती.

पण या सुरेल चित्राला एक काळी कडा आहे आणि ती लपवून चालणार नाही. १५५९ साली पोर्तुगालहून हुकूम आला की, हिंदू घरांतली जी मुलं पोरकी होतील ती सेंट पॉल कॉलेजच्या ताब्यात द्यावीत आणि त्यांना बाप्तिस्मा द्यावा. म्हणजे त्या कॉयरमध्ये गाणारी सगळीच पोरं आपखुशीने आलेली नव्हती. काहींचं घर, नाव आणि देव हे सगळं काढून घेऊन मग त्यांना सूर दिला गेला होता.

पोरंच का?

आता कुणी विचारेल, गायला मुलगेच का? मुली का नाहीत? उत्तर सोपं आहे. त्या काळी चर्चच्या गायकवृंदात स्त्रियांना जागा नव्हती. पण पाश्चात्त्य समूहगायनात एकाच वेळी वरच्या पट्टीतली एक ओळ, मधल्या दोन आणि खालच्या पट्टीतली एक अशा वेगवेगळ्या ओळी गायल्या जातात. खालच्या ओळी पुरुष गातील, वरची कोण गाणार? ज्यांचा आवाज अजून फुटलेला नाही ती पोरं!

आपल्या संगीत नाटक कंपन्यांनाही ही अडचण वेगळ्या रूपात होतीच. स्त्रीपार्ट करायला गोड गळ्याचे मुलगे लागत आणि एखाद्याचा आवाज ऐन हंगामात फुटला की मालकाच्या पोटात गोळा येई. चर्चचंही तेच. मुलगा तेरा-चौदा वर्षांचा झाला की त्याचा वरचा सूर गेला. म्हणजे दरवर्षी जुनी पोरं गळणार आणि नवी लागणार. एकदाच मेहनत घेऊन कॉयर तयार केला आणि मग वर्षानुवर्षं तो गात राहिला, असं होऊच शकत नाही. मुलग्यांचा कॉयर हवा तर शेजारी शाळा हवीच, आणि ती एकही वर्ष बंद ठेवून चालत नाही.

दुसरी गोष्ट याहून महत्त्वाची. आपल्याकडे गाणं एका सुरावटीचं. गुरूने म्हणायचं, शिष्याने कानाने टिपायचं. कागद लागत नाही. पण चार ओळी एकाच वेळी, एकमेकींना धक्का न लावता चालवायच्या तर प्रत्येकाने आपली ओळ नेमकी धरावी लागते. शेजारचा काय गातोय त्याच्या मागे गेलं की सगळं कोसळलं. म्हणून मग त्या ओळी कागदावर लिहाव्या लागतात आणि पोरांना तो कागद वाचायला शिकवावा लागतो. चर्चला हवा होता कॉयर, पण त्यापायी पोरं सूर लिहाय-वाचायला शिकली. पुढचा सगळा इतिहास घडला तो या एका गोष्टीमुळे.

गावोगावची इस्कोल

सतराव्या शतकापासून जुन्या गोव्याला उतरती कळा लागली. पुन्हा पुन्हा साथी आल्या, माणसं शहर सोडून गेली. १७५९ साली पोर्तुगीज सरकारने जेझुइटांना हाकलून दिलं. सेंट पॉल कॉलेज ओस पडलं आणि एकोणिसाव्या शतकात त्याचे दगडही उचलले गेले. आज जुन्या गोव्याला गेलात तर या कॉलेजची फक्त एक कमान उभी दिसेल. पर्यटकांच्या बस तिच्यावरून भुर्रकन पुढे जातात.

शहर गेलं, पण शाळा गेली नाही. ती तोवर गावागावांत पोहोचली होती. सासष्टी, बार्देश, तिसवाडी या तालुक्यांत गावच्या चर्चला जोडून पॅरिश स्कूल असे. पोर्तुगीजमध्ये 'एस्कोला', गोव्याच्या बोलीत 'इस्कोल'. तिथला गुरुजी म्हणजे 'मेस्त्र'. तो चर्चचा कॉयर सांभाळी, ऑर्गन किंवा व्हायोलिन वाजवी, सणाच्या दिवशी वाद्यवृंद उभा करी आणि उरलेल्या वेळात पोरांना शिकवी. त्याचा पगार चर्चच्या निधीतून निघे. मुलाच्या बापाला पैसे मोजावे लागत नसत. बाप शेतात राबणारा असो, माडावर चढून सूर काढणारा रेंदेर असो की सुतार, पोराला शाळेचं दार उघडं होतं.

शिकवण्याची रीत ठरलेली. वाद्याला हात लावायचा नाही! आधी 'सोल्फा'. म्हणजे दो, रे, मी, फा, सोल, ला, सी हे सूर गळ्यातून काढायचे. आपल्या सा रे ग म सारखेच, पण इथे पाच रेघांवर मांडलेले ठिपके बघून. हाताने ताल धरायचा आणि ठिपके वाचत गायचं. चुकलं की पुन्हा पहिल्यापासून. अशी रगडपट्टी झाली, कागद बघताच सूर मनात वाजू लागला की मग व्हायोलिन हातात मिळे. सुरांचं हे वाचन आणि व्हायोलिन या दोन्हींचं शिक्षण एकत्र चालत असल्यामुळे एक गोष्ट आपोआप साधली. मुलाचा आवाज फुटला, कॉयरमधली वरची ओळ सुटली, तरी त्याचं संगीत सुटत नसे. गळ्यातला सूर बोटांत उतरलेला असे. हुशार पोरं पुढे क्लॅरिनेट, ट्रंपेट अशी वाद्यंही उचलत.

या शाळेच्या भिंतींनाही मर्यादा होत्याच. दार उघडं होतं ते ख्रिस्ती मुलग्यांना. मुलींना नव्हतं. खातेपिते घर असेल तर मुलीसाठी घरी पियानो येई, गरिबाच्या लेकीने मात्र बाहेरूनच ऐकायचं. १९०३ साली पोप दहावे पायस यांनी चर्चसंगीताबद्दल फर्मान काढलं, त्यातही वरच्या सुरांसाठी मुलगेच घ्यावेत, असं पुन्हा बजावलं होतं.

ओवी गेली, रेघा राहिल्या

मराठी वाचकाला इथे एक प्रश्न पडेल. गोव्याला स्वतःचं गाणं नव्हतं का? होतं तर! आणि सुरुवातीच्या पाद्र्यांना त्याची ताकद चांगली कळली होती. १५७९ साली गोव्यात आलेला इंग्रज जेझुइट फादर थॉमस स्टीफन्स मराठी शिकला आणि त्याने जवळजवळ अकरा हजार ओव्यांचं 'क्रिस्तपुराण' लिहिलं. १६१६ साली ते रायतूरला म्हणजे राशोलला छापून झालं. ज्ञानेश्वरांच्या ओवीत येशूची कथा! चर्चमधून ते गायलंही जाई.

पण पुढच्या राज्यकर्त्यांना हे मानवलं नाही. १६८४ साली हुकूम निघाला की, लोकांनी तीन वर्षांत आपली बोली सोडून पोर्तुगीज बोलावं. १७३६ साली इन्क्विझिशनच्या फर्मानाने लग्नकार्यातल्या देशी गाण्यांवर आणि रीतिरिवाजांवर बंदी घातली. एका हाताने द्यायचं आणि दुसऱ्या हाताने काढून घ्यायचं असा हा व्यवहार होता. तरी माणसं खमकी. घरातली भाषा कोकणीच राहिली आणि शाळेत शिकलेले दोन-तीन सुरांचे मेळ कोकणी शब्दांना जोडून लोकांनी आपला 'मांडो' घडवला. लग्नाच्या घरी, दिवाणखान्यात, व्हायोलिन आणि घुमटाच्या साथीने तो रंगू लागला. पाच रेघा परक्या होत्या, त्यांवर पेरलेलं दुःख आणि प्रेम मात्र गोव्याचंच होतं.

पोटासाठी मुंबई

एकोणिसाव्या शतकात गोव्यात पैसा उरला नाही. शेती थोडी, तोंडं फार. लोक ब्रिटिश मुलुखाकडे निघाले, त्यातही मुंबईकडे. कुणी आचारी झाला, कुणी बोटीवर खलाशी, कुणी शिंपी. पण ज्याने इस्कोलीत सोल्फा घोकला होता त्याच्याकडे एक जादा हत्यार होतं. पलटणीच्या बँडला, संस्थानिकांच्या बँडला, इंग्रजांच्या क्लबला नोटेशन वाचणारे वादक हवे होते. ते गोव्यात तयार मिळत! मुंबईत धोबीतलाव भागात गावागावाच्या 'कूड' असत. कूड म्हणजे एकट्या पुरुषांनी स्वस्तात राहायची गावकीची खोली. एक पेटी, एक चटई, भिंतीवर मेरीची तसबीर आणि कोपऱ्यात व्हायोलिनची केस, एवढा त्यांचा संसार.

मूकपट आले तेव्हा पडद्यासमोर बसून वाजवायला हे वादक लागले. १९३१ साली 'आलमआरा' आला, पिक्चर बोलू लागला आणि थिएटरमधली नोकरी गेली. मग हॉटेलांतले जाझ बँड आले. बार्देशातल्या हळदोणे गावचा अँटोनियो झेवियर वाझ गावच्या अशाच शाळेत शिकला आणि 'चिक चॉकलेट' या नावाने ट्रंपेटवादक म्हणून मुंबई गाजवू लागला. १९४७ नंतर गोरे साहेब गेले, संस्थानंही विलीन झाली. त्यातच मोरारजींची दारूबंदी! १९४९ साली कायदा झाला आणि मुंबईच्या नाइट क्लबांची रयाच गेली. नाच नाही तर बँड कशाला?

या सगळ्यांना आसरा दिला तो हिंदी सिनेमाने.

चितळकरांची चाल, गोव्याचा कागद

त्या काळी गाणं कसं तयार व्हायचं ते बघा. संगीतकार पेटीवर चाल बांधी. ती त्याच्या डोक्यात असे, फार तर सहायक सरगममध्ये उतरवून घेई. पण रेकॉर्डिंगला तीस-चाळीस व्हायोलिनं, शिवाय चेलो, ट्रंपेट, सॅक्सोफोन, पियानो. या सगळ्यांनी काय वाजवायचं, कुठे थांबायचं, गायिकेच्या आवाजाखाली कुठली सुरावट पसरायची? ते अरेंजर लिहून काढी. प्रत्येक वादकासमोर त्याचा कागद ठेवला जाई. त्याने तो वाचायचा आणि थोड्याशा तालमीनंतर लगेच रेकॉर्डिंग! स्टुडिओचं भाडं तासावर. घोकायला वेळ कुणाला? चार ओळी एकत्र चालवण्याची हीच विद्या मेस्त्राने पडवीत शिकवली होती. फरक एवढाच की चर्चमध्ये त्या ओळींच्या वर देवाचं नाव असे, इथे लता मंगेशकरांचा आवाज होता.

१९५१ सालचा 'अलबेला' आठवा. भगवानदादांचा नाच आणि सी. रामचंद्र म्हणजे आपल्या चितळकरांचं संगीत. त्यातल्या पाश्चात्त्य ढंगाच्या गाण्यांमागे चिक चॉकलेटचा हात होता. एवढंच नव्हे, तर आपल्या बँडसकट तो पडद्यावरही दिसला. बार्देशातल्याच रेइश मागुश गावचे सेबॅस्टियन डिसोझा फाळणीपूर्वी लाहोरच्या हॉटेलात बँड चालवायचे. फाळणीनंतर मुंबईला आले आणि शंकर-जयकिशन, ओ. पी. नय्यर यांचे अरेंजर झाले. राज कपूरच्या गाण्यांत व्हायोलिनांच्या लाटा उसळतात ना, त्या कागदावर उतरवणारा हात सेबॅस्टियन यांचा.

आणि आपले अँथनी गोन्साल्विस? त्यांना तेवढ्याने समाधान नव्हतं. आपले राग आणि पाश्चात्त्य वाद्यवृंद यांची सांगड घालायची, हा त्यांचा ध्यास. १९५८ साली मुंबईच्या सेंट झेवियर्स कॉलेजच्या पटांगणात त्यांनी मोठा वाद्यवृंद उभा केला, सोबत गायला लता मंगेशकर आणि मन्ना डे. रागांवर बेतलेल्या स्वतःच्या रचना त्यांनी तिथे सादर केल्या. पुढे १९६५ साली ते अमेरिकेला गेले, परतल्यावर माजोर्ड्याला घरी शांतपणे राहिले. १८ जानेवारी २०१२ रोजी त्यांचं निधन झालं. अमिताभच्या त्या भूमिकेचं नाव ठाऊक असलेल्या कोट्यवधी लोकांपैकी कितीजणांना त्या दिवशी कळलं असेल, की ते नाव ज्याचं होतं तो माणूस गेला?

कारण पडद्यावरच्या श्रेयनामावलीत या माणसांना जागा नसायची. संगीतकाराचं नाव मोठ्या अक्षरात, गीतकाराचं, गायकांचं. फार झालं तर 'सहायक' म्हणून एखादं. बाकी ती तीस-चाळीस व्हायोलिनं निनावी. चर्चच्या कॉयरमध्येही पोराचं नाव कुणी विचारत नसे. जी ओळ दिली ती चोख गायची आणि घरी जायचं. ती शिस्त त्यांनी जन्मभर पाळली आणि तिची किंमतही जन्मभर मोजली.

शाळा सुटली...

मग हे थांबलं कसं? कुणी एकाने ही शाळा बंद केली नाही. आजूबाजूचं जगच बदललं.

रोममध्ये १९६२ ते १९६५ या काळात व्हॅटिकनची दुसरी धर्मपरिषद भरली. प्रार्थना लोकांच्या भाषेत व्हावी आणि सगळ्या जमावाने मिळून गावं, असा विचार पुढे आला. लोकांच्या दृष्टीने हे चांगलंच झालं. चारशे वर्षांनी चर्चमध्ये कोकणी भजनं मोकळेपणी घुमली. बायका, मुली, सगळे गाऊ लागले. पण सगळ्यांनी गायचं म्हणजे चाल सोपी हवी. लॅटिनमधल्या अवघड, बहुपदरी रचना मागे पडल्या. त्या गायला खास तयार केलेली पोरं लागत, ती आता लागेनाशी झाली.

त्याच सुमाराला, डिसेंबर १९६१ मध्ये गोवा मुक्त झाला. गावोगाव सरकारी शाळा निघाल्या. मराठी, इंग्रजी, हिशेब, विज्ञान यांचा रीतसर अभ्यास सुरू झाला. पोराला दिवसभर शाळा, संध्याकाळी गृहपाठ. बापाला वाटू लागलं, व्हायोलिन घासून काय मिळणार? त्यापेक्षा मुलगा क्लार्क होऊ दे, आखाती देशात जाऊ दे, बोटीवर लागू दे. त्यात चूक काय होती? पूर्वी व्हायोलिन पोटाला देत होतं म्हणून लोक व्हायोलिन शिकत होते, आता पोटाचे दुसरे रस्ते उघडले. मेस्त्र म्हातारे झाले, त्यांच्या जागी नवे आले नाहीत.

आणि तिकडे मुंबईतही १९८०-९०च्या दशकांत सिंथेसायझर आला, मग संगणक आला. एका कीबोर्डमधून चाळीस व्हायोलिनांचा भास होऊ लागल्यावर चाळीस माणसांना कोण बोलावणार? आधी शाळा आटली होतीच, आता बाजारही उठला.

पुन्हा एकदा सोल्फा

गोव्यात संगीत संपलं असं मात्र मुळीच नाही. पणजीत संगीतकार अँटोनियो फिगेरेदो यांनी १९५२ सालीच संगीताची अकादमी काढली होती, तीच पुढे कला अकादमीचा पाश्चात्त्य संगीत विभाग म्हणून नांदली. तिथे मुलींना मज्जाव नाही, धर्माची अट नाही. ही मोठीच कमाई. राशोलच्या सेमिनरीतही कॉयरची परंपरा चालत आली आहे. पण पणजीला क्लासला जायचं तर फी हवी, वाद्य हवं, जायला-यायला वाहन हवं आणि मुलाला नेणारे आई-बाप मोकळे हवेत. गावच्या पडवीत चालत येणाऱ्या रेंदेराच्या पोराला हे कुठून जमणार? पूर्वीच्या शाळेत अनेक दोष होते, पण गरिबाच्या दारापाशी ती होती.

हे ओळखून पणजीत २००९ साली 'चाइल्ड्स प्ले इंडिया फाउंडेशन' ही संस्था सुरू झाली. परिस्थितीने गांजलेल्या मुलांना व्हायोलिन, चेलो, बासरी आणि समूहगायन शिकवायचं, हे तिचं काम.

असाच विचार तिकडे दक्षिणेत, चेन्नईतही झाला. मुंबईप्रमाणे चेन्नई हेही सिनेसंगीताचं मोठं गाव. तिथल्या स्टुडिओंनाही कागद वाचणारे वादक लागतच आले. खेड्यातून आलेल्या इळैयाराजांनी या शहरात धनराज मास्तरांपुढे बसून पाश्चात्त्य लिपीचे धडे गिरवले. तोच विद्यार्थी पुढे लंडनच्या रॉयल फिलहार्मोनिक वाद्यवृंदासाठी सिंफनी लिहिण्यापर्यंत पोहोचला. म्हणजे मास्तर भेटला तर किमया होते. पण प्रत्येक पोराला धनराज मास्तर कुठून भेटणार? ए. आर. रहमान यांनी २००८ साली चेन्नईत 'के. एम. म्युझिक कॉन्झर्व्हेटरी' काढली आणि तिच्याच जोडीने गरीब घरांतल्या मुलांना फुकट शिकवणारा 'सनशाइन ऑर्केस्ट्रा' उभा केला. दक्षिणेतल्या या शहरात आणि गोव्याच्या त्या पडवीत कित्येक शतकांचं अंतर आहे. पण युक्ती तीच. फी न मागणारा गुरुजी, रोजची ठरलेली वेळ आणि समोर पाच रेघांचा कागद.

यात धर्मांतराची सक्ती नाही, मुलींना बंदी नाही, आपली भाषा विसरण्याचा हुकूम नाही. जुन्या शाळेतलं घेण्यासारखं तेवढं घेतलं, टाकण्यासारखं टाकलं. अशी संस्था एक-दोन शहरांत असून भागायचं नाही, हेही तितकंच खरं. गोव्याच्या इस्कोलीचं बळ तिच्या संख्येत होतं. गावोगाव ती होती, म्हणून माजोर्ड्यात अँथनी घडला आणि हळदोण्यात चिक चॉकलेट.

पुढच्या वेळी विविधभारतीवर जुनं गाणं लागेल तेव्हा मुखडा आणि अंतरा यांच्या मधे जरा कान द्या. गायिका श्वास घ्यायला थांबते आणि व्हायोलिनांचा ताफा पुढे सरसावतो. एकही सूर इकडचा तिकडे होत नाही. त्या ताफ्यात बसलेल्या कितीतरी माणसांनी लहानपणी, पहाटेच्या घंटेला, डोळे चोळत चर्चची पायरी चढलेली आहे. त्यांच्या रक्तात काय होतं ते देव जाणे. शाळेची घंटा मात्र रोज वाजत होती, हे नक्की!